सारामागोंच्या मुलुखात: आझिन्यागा ते लान्सारोते

नोबेल मिळालेले पोर्तुगीज कादंबरीकार जुझे सारामागो यांच्या गावांची वाट लिस्बनमधून सुरू होते, पण ती लिस्बनमध्येच संपवली तर अर्धे सारामागो हाती लागत नाहीत. १९२२ साली तेजु नदीच्या खोऱ्यातल्या एका खेड्यात जन्म, दोन वर्षांचे असताना लिस्बन, पन्नाशी उलटल्यावर आलेन्तेजु प्रांतातल्या शेतमजुरांबरोबर काढलेले दिवस आणि सत्तरीत देश सोडून कॅनरी बेटांवर केलेलं बिऱ्हाड. या चारही जागा पायाखालून घातल्या की त्यांचं वाक्य एवढं लांब का आणि त्यात गवंडी, मजूर, बैल आणि कुत्री एवढी का, हे उमगायला लागतं.

निघण्याआधी वारांचं गणित घालावं. लिस्बनमधलं सारामागो प्रतिष्ठान आणि लान्सारोतेचं घर रविवारी बंद असतं, माफ्र्याचा राजवाडा मंगळवारी. बुधवारी सुरुवात केली की सगळं जुळून येतं. मोसमानुसार वेळा बदलतात, त्यामुळे आदल्या रात्री प्रत्येक ठिकाणाची वेळ पाहूनच झोपावं. एप्रिल-मे किंवा ऑक्टोबर हे महिने उत्तम. जुलै-ऑगस्टमध्ये तेजुचं खोरं आणि आलेन्तेजु दोन्हीकडे पारा चाळिशी गाठतो आणि दुपारी गावात माणूस दिसत नाही. शेंगेन व्हिसा पोर्तुगाल आणि स्पेन दोन्हीकडे चालतो. जास्त रात्री पोर्तुगालमध्ये जाणार असल्याने अर्ज पोर्तुगालकडेच करावा.

सोबत चार पुस्तकं असावीत. बालपणाच्या आठवणींचं छोटेखानी ‘स्मॉल मेमरीज’, आलेन्तेजुवरचं ‘रेझ्ड फ्रॉम द ग्राउंड’, माफ्र्यावरचं ‘बाल्तासार अँड ब्लिमुंडा’ आणि लिस्बनवरचं ‘द इयर ऑफ द डेथ ऑफ रिकार्दो रेइस’. पहिली दोन मार्गारेट जुल कॉस्टा यांच्या इंग्रजीत आहेत, पुढची दोन जोव्हानी पोंतिएरो यांच्या. सारामागोंच्या लेखनात अवतरणचिन्हं नसतात. बोलणारा बदलला की स्वल्पविराम येतो आणि पुढचा शब्द मोठ्या अक्षराने सुरू होतो, बस्स. अडखळायला झालं तर पानभर मोठ्याने वाचावं. ते स्वतःही हेच सांगत, आणि उपाय खरोखर लागू पडतो.

पहिला दिवस, बुधवार: लिस्बन

मेट्रोच्या तिकीटखिडकीवर ‘नव्हेगान्त’ कार्ड मिळतं. कोऱ्या कार्डाचे ५० सेंट. एका कार्डावर दोघांना जाता येत नाही, माणशी एक लागतंच. त्यावर सुट्टी तिकिटं न घेता ‘झॅपिंग’ पद्धतीने पैसे भरावेत, म्हणजे मेट्रो, ट्राम, बस आणि उपनगरी गाडी सगळीकडे तेच चालतं. एकदा सुटं तिकीट भरलं की ते संपेपर्यंत त्याच कार्डावर झॅपिंग होत नाही. बहुतेकांची गाडी इथेच अडते.

निळ्या मार्गावरच्या तेरैरु दु पासु स्थानकाबाहेर पडून नदी उजव्या हाताला ठेवत चाललं की पाचेक मिनिटांत प्रतिष्ठानचं घर, कासा दुश बिकुश, येतं. दर्शनी भिंतीला हिऱ्यासारखे टोकदार पैलू पाडलेले दगड बसवले आहेत, त्यावरूनच घराचं नाव पडलं. १५२३ मध्ये हे घर बांधलं ब्राश द अल्बुकर्कने. १५१० मध्ये गोवा घेणाऱ्या अफोन्सो द अल्बुकर्कचा हा मुलगा. ज्या लेखकाने उभी हयात राजे आणि सेनापतींच्या इतिहासाला प्रश्न विचारण्यात घालवली, त्याच्या नावाची संस्था नेमकी या घरात आहे, ही गोष्ट गोव्याहून आलेल्या माणसाला जास्त जाणवते. १७५५ च्या भूकंपात वरचे मजले कोसळले आणि दोनशेहून जास्त वर्षं इमारत खुजीच राहिली. आजचे वरचे मजले १९८० च्या दशकातले आहेत. जरा मागे सरकून खिडक्यांच्या चौकटी पाहिल्या की जुनं कुठे संपतं आणि नवं कुठे सुरू होतं ते ओळखता येतं. तळमजल्यावर रोमन काळातले मासे खारवायचे हौद उघडे ठेवले आहेत. हा भाग घाईत सोडून देऊ नये.

वरच्या मजल्यावरच्या कायम प्रदर्शनात हस्तलिखितं, टिपणं आणि जगभरातल्या अनुवादांच्या प्रती आहेत. १९४७ मध्ये पहिली कादंबरी आली. १९५३ मध्ये पूर्ण केलेली ‘क्लाराबोया’ प्रकाशकाकडे गेली आणि त्याने साधं उत्तरही पाठवलं नाही. त्यानंतर पुढचं पुस्तक, तेही कवितांचं, थेट १९६६ मध्ये. ‘क्लाराबोया’ छापली गेली २०११ मध्ये, लेखक गेल्यानंतर. ही मधली रिकामी वर्षं इथल्या काचांच्या कपाटांसमोर उभं राहून मोजावीत. साठाव्या वर्षी नाव झालेल्या लेखकाचा हिशेब त्यांत आहे.

बाहेर, इमारतीसमोर ऑलिव्हचं जुनं झाड आहे. ते आझिन्यागाहून आणलं आणि १८ जून २०११ रोजी, पहिल्या पुण्यतिथीला, त्याच्या मुळाशी सारामागोंच्या अस्थी ठेवल्या. जवळच्या दगडात ‘मेमोरियाल दु कोन्व्हेन्तु’ या, म्हणजे इंग्रजीतल्या ‘बाल्तासार अँड ब्लिमुंडा’च्या, शेवटच्या वाक्याचा तुकडा कोरला आहे: पण ती ताऱ्यांकडे गेली नाही, कारण ती मातीची होती. कादंबरीत ‘ती’ म्हणजे बाल्तासारची इच्छाशक्ती, आणि वाक्य इथे संपत नाही. ती मातीची होती ‘आणि ब्लिमुंडाची’, असं मूळ वाक्य आहे. दगडावर शेवटचे शब्द नाहीत. पुस्तक हातात असेल तर शेवटचं पान उघडून दोन्ही ताडून पाहावं.

दुपारी पिवळ्या मार्गाने कांपु पेकेनु स्थानक. बैलझुंजीच्या मैदानापलीकडे पालासियु गाल्व्हैयश हे सार्वजनिक वाचनालय आहे. सारामागोंचे वडील पोलीस खात्यात शिपाई, घरात पुस्तक नाही. पैशाअभावी साधं शिक्षण सोडून मुलाला तंत्रशाळेत घातलं आणि बाहेर पडल्यावर दोनेक वर्षं त्याने मोटारदुरुस्तीच्या कारखान्यात मेकॅनिकचं काम केलं. संध्याकाळी हात धुऊन तो इथे यायचा. काय वाचावं हे सांगणारं कुणी नव्हतं, कपाटात जे येईल ते वाचायचं. त्या कपाटांतूनच पुढचा लेखक तयार झाला. वाचनालयात प्रवेश विनामूल्य आहे, मागे बाग आहे आणि तिथे तासभर बसून ‘स्मॉल मेमरीज’ अर्धं वाचून होतं. उद्यासाठी ते वाचलेलं असायलाच हवं.

दुसरा दिवस, गुरुवार: आझिन्यागा

सांता आपोलोनिया स्थानकातून उत्तरेकडे जाणारी प्रादेशिक गाडी घ्यावी. जलद गाडी लहान स्थानकांवर थांबत नाही. आझिन्यागाला सर्वांत जवळचं स्थानक मातु दे मिरांदा. ‘स्मॉल मेमरीज’मध्ये त्याचा उल्लेख येतो, सुटीत लिस्बनहून आलेला मुलगा याच स्थानकावर उतरायचा. पण हे स्थानक गावापासून चार-पाच किलोमीटर लांब आहे आणि बाहेर रिक्षा-टॅक्सी काहीही उभी नसते. उन्हाचं चालायचं नसेल तर पुढे एन्त्रोंकामेन्तु जंक्शनला उतरावं, तिथे टॅक्सी मिळते आणि गोलेगांवरून आझिन्यागा पंधरा किलोमीटरच्या आत-बाहेर पडतं. परतीची वेळ टॅक्सीवाल्याशी तिथेच पक्की करावी. हिवाळ्यात तेजुला पूर आला की खोऱ्यातले सखल रस्ते बंद होतात, त्या दिवसांत आधी चौकशी करून निघावं.

गाव सपाट आहे, घरं पांढरी आणि बुटकी, कडेने आल्मोन्दा नदी वाहते. चौकात बाकावर बसून पुस्तक वाचणाऱ्या सारामागोंचा पितळी रंगाचा पुतळा आहे आणि प्रतिष्ठानची एक शाखाही. आजोबांचं घर मात्र शोधू नये. ते पाडलं गेलं. जे पाहायचं ते नदीच्या काठाने चालताना पाहावं.

आजोबा जेरोनिमु मेल्रिन्यु, आजी जोझेफा कैशिन्या. दोघांनाही अक्षरओळख नव्हती. पोटापाण्याचं साधन म्हणजे अर्धा डझन डुकरं. हिवाळ्यात रात्री माठातलं पाणी गोठण्याइतकी थंडी पडली की अशक्त पिल्लं मरायची, म्हणून म्हातारा-म्हातारी ती उचलून स्वतःच्या अंथरुणात घेत. १९९८ च्या ७ डिसेंबरला स्टॉकहोममध्ये नोबेलचं व्याख्यान द्यायला उभे राहिल्यावर सारामागोंनी सुरुवात केली ती इथूनच: मला माहीत असलेल्या माणसांत सर्वांत शहाणा माणूस निरक्षर होता. शेवटच्या आजारात लिस्बनला नेण्याआधी आजोबा अंगणातल्या एकेका झाडाला मिठी मारून निरोप घेत फिरले, हेही त्याच व्याख्यानात आहे.

आता आजूबाजूला पाहिलं तर मोठ्या भागात मका दिसतो, पाण्याच्या फिरत्या फवाऱ्याखालचा, एकसारख्या उंचीचा. सारामागोंच्या लहानपणी इथे जुनी ऑलिव्हची बनं होती. युरोपीय समुदायात गेल्यावर झाडं उपटण्यासाठी अनुदान मिळालं आणि बघता बघता बनं गेली. आठवणींच्या पुस्तकातला त्यांचा सगळ्यात कडवट सूर याच ठिकाणी लागतो. कासा दुश बिकुशसमोर इथलंच झाड का नेलं, ते या मक्याच्या शेतांसमोर कळतं. जन्मशताब्दीनिमित्त २०२२ मध्ये गावात शंभर ऑलिव्ह लावण्याचा उपक्रम झाला, प्रत्येक झाडाला त्यांच्या कादंबऱ्यांतल्या एकेका पात्राचं नाव. रोपं अजून लहान आहेत, पाट्या वाचत चालावं.

‘सारामागो’ हे आडनाव खरं तर वडिलांकडच्या घराण्याचं टोपणनाव, रानमुळ्यासारख्या एका तणाचं. नोंदणी करणाऱ्या कारकुनाने ते जन्मदाखल्यात परस्पर घातलं आणि मुलगा सात वर्षांचा होऊन शाळेत जाईपर्यंत घरच्यांना पत्ता नव्हता. दाखल्यावर जन्मतारीखही १८ नोव्हेंबर आहे. खरी १६, पण नोंदवायला उशीर झाल्याने दंड भरावा लागू नये म्हणून दोन दिवस पुढे ढकललेली. मोठा भाऊ फ्रान्सिस्कु चार वर्षांचा होऊन १९२४ च्या डिसेंबरात वारला. त्याच्या मृत्यूची नोंद शोधता शोधता सारामागोंना ‘ऑल द नेम्स’ ही कादंबरी सुचली, जिचा नायक नोंदणी कार्यालयातला कारकून आहे. या माणसाच्या आयुष्यात सरकारी दप्तराने एवढी ढवळाढवळ केली होती की तो विषय त्यांना बाहेरून आणावाच लागला नाही.

तिसरा दिवस, शुक्रवार: लाव्रे आणि मोन्तेमोर-ओ-नोव्हो

आज गाडी भाड्याने घ्यावी, बसने हा दिवस साधत नाही. आंतरराष्ट्रीय परवाना जवळ हवा. टोलसाठी ‘व्हिया व्हेर्द’चं यंत्र गाडीसोबत घ्यावं, नाहीतर फक्त यंत्रावर चालणाऱ्या रस्त्यांचा टोल नंतर भरताना फार कटकट होते. गाडी उजवीकडून चालते आणि गोल चौकात आत असलेल्या गाडीचा हक्क पहिला. वास्को द गामा पुलावरून तेजु ओलांडली की तासाभराने बुचाच्या ओकची विरळ रानं सुरू होतात.

मधेच एखाद्या सुरक्षित जागी थांबून झाडाचं खोड जवळून पाहावं. साल काढलेला भाग तांबूस-तपकिरी असतो आणि त्यावर पांढऱ्या रंगात एक आकडा लिहिलेला असतो. तो साल काढलेल्या वर्षाचा शेवटचा अंक. ७ म्हणजे २०१७. पुन्हा साल काढायची ती नऊ वर्षांनी. त्याआधी हात लावला तर बूच पातळ निघतं आणि झाडही दुखावतं. काम कुऱ्हाडीनेच होतं. घाव जरा खोल गेला तर आतला जिवंत थर चिरतो आणि तिथे पुन्हा साल धरत नाही. ‘रेझ्ड फ्रॉम द ग्राउंड’मधली माणसं अशी कामं उगवतीपासून मावळतीपर्यंत करायची. आठ तासांचा दिवस आलेन्तेजुच्या शेतमजुरांनी मिळवला १९६२ मध्ये, संप करून, तुरुंगात जाऊन.

सारामागो इथे आले १९७६ मध्ये. आदल्या वर्षी ते ‘दियारियु दे नोतिसियश’ या दैनिकाचे उपसंचालक होते. २५ नोव्हेंबर १९७५ च्या लष्करी घडामोडींनंतर नोकरी गेली. दुसरी शोधायची नाही, लिहूनच पोट भरायचं, असं ठरवून ते लाव्रे गावात येऊन राहिले, सहकारी शेतीवर काम करणाऱ्यांबरोबर जेवले, त्यांच्या हकिकती टिपून घेतल्या. जुवांव दोमिन्गुश सेर्रा या इथल्याच मजुराने लिहून ठेवलेल्या आठवणी त्यांना मिळाल्या, त्यातून माउ-तेंपु घराण्याच्या काही पिढ्यांची गोष्ट उभी राहिली. टिपणं तयार होती, पण कादंबरी तीन वर्षं सुरूच होईना. अखेर नेहमीच्या पद्धतीने, विरामचिन्हं वगैरे घालून, लिहायला बसले. चोवीस-पंचवीस पानं झाली आणि ठरवलेलं नसताना वाक्य बदललं, संवाद आणि निवेदन एकमेकांत मिसळून वाहू लागले. मागे जाऊन आधीची पानंही त्यांनी नव्या पद्धतीने लिहिली. लाव्रेच्या ओसरीवर ऐकलेलं बोलणं कागदावर तसंच उतरत होतं. १९८० मध्ये पुस्तक आलं तेव्हा लेखक ५७ वर्षांचा होता. आज जगभर ज्याला सारामागोंची शैली म्हणतात, तिचं जन्मगाव हे आहे, आणि तरी पर्यटकांच्या यादीत लाव्रेचं नाव नसतं.

गाव पाहायला अर्धा तास पुरतो. तिथून वीसेक किलोमीटरवर मोन्तेमोर-ओ-नोव्हो. टेकडीवर पडका किल्ला, खाली बाजार. कादंबरी ज्यांच्या स्मृतीला अर्पण केली आहे त्यातले जेर्मानु व्हिदिगाल १९४५ मध्ये इथेच पोलिसी छळात मेले आणि जुझे आदेलिनु दुश सांतुश १९५८ मध्ये निदर्शनांत गोळी लागून. व्हिदिगालच्या छळाचं प्रकरण कादंबरीत मुंग्यांच्या नजरेतून येतं. कोठडीच्या फरशीवरून एक रांग चालली आहे आणि जे घडतंय त्याच्या साक्षीदार फक्त त्याच आहेत. ते प्रकरण किल्ल्याच्या तटावर बसून वाचावं, आणि नंतर लगेच गाडी चालवायला घेऊ नये.

चौथा दिवस, शनिवार: पेरु पिन्येइरु, शेलेइरुश, माफ्रा

माफ्र्याला जायला लोक रेल्वेचा नकाशा पाहतात, ‘माफ्रा’ स्थानक दिसतं, तिकीट काढतात आणि राजवाड्यापासून कित्येक किलोमीटर लांब शेतात उतरतात. सार्वजनिक वाहनाने जायचं तर कांपु ग्रांदे मेट्रोबाहेरून बस घ्यावी, ती राजवाड्यासमोर सोडते. पण कालची गाडी आज ठेवली असेल तर फारच छान. ‘बाल्तासार अँड ब्लिमुंडा’तल्या दगडाचा रस्ता त्याशिवाय अनुभवता येत नाही.

राजा पाचवा जुवांव याने वारस झाला तर मठ बांधीन असा नवस केला. आधी बोलणं तेरा भिक्षूंच्या मठाचं होतं, होता होता तो तीनशे जणांचा झाला. १७ नोव्हेंबर १७१७ रोजी पायाभरणी. लोकार्पण २२ ऑक्टोबर १७३० रोजी, कारण त्या दिवशी राजाचा वाढदिवस होता आणि रविवारही. पुढचा तसा योग दशकभराने येणार होता. तेवढं थांबण्याची त्याची तयारी नव्हती. मग देशभरातून धडधाकट पुरुष धरून, दोरखंडाने बांधून माफ्र्याला आणले. अखेरच्या काळात कामगारांची संख्या ४५ हजारांवर गेली होती. १९८२ च्या या कादंबरीत राजा-राणी आहेत, इन्क्विझिशन, म्हणजे पाखंड्यांना शिक्षा करणारं चर्चचं न्यायालय, आहे, १७०९ मध्ये राजदरबारात तापलेल्या हवेचा फुगा उडवून दाखवणारा पाद्री बार्तोलोमेउ द गुझमांव आहे. मध्यभागी मात्र डावा हात गमावलेला शिपाई बाल्तासार आणि उपाशीपोटी माणसांच्या आत पाहू शकणारी ब्लिमुंडा.

सकाळी आधी पेरु पिन्येइरु. लिओझ नावाच्या चुनखडीच्या दगडाचं हे जुनं गाव. आजही रस्त्याच्या दुतर्फा दगड कापायच्या गिरण्या आहेत, चौकोनी ठोकळे रचलेले, हवेत पांढरी भुकटी. इथून माफ्र्याच्या दर्शनी सज्जासाठी एकच अखंड शिळा नेली गेली. कादंबरीतले आकडे असे: वजन ३१ टन, चारशे बैल, सहाशेहून जास्त माणसं, वाटेत आठ दिवस. शिळा वाहून नेण्यासाठी खास बांधलेल्या गाड्याला सारामागो हिंदुस्थानच्या सफरीवर जाणाऱ्या जहाजाची उपमा देतात.

गाडीने हे अंतर पंधरा-वीस मिनिटांचं आहे, म्हणूनच मुद्दाम सावकाश जावं. नऊ क्रमांकाच्या राष्ट्रीय मार्गाने निघालं की थोड्या वेळात रस्ता शेलेइरुशच्या दरीत उतरतो, तळाशी लिझांद्रु नदी आणि जुना दगडी पूल, पुढे लगेच उभी चढण. चढावर बैल ओढतात आणि माणसं मागून रेटतात, ते कष्टाचं असलं तरी सरळ काम. धोका उतारावर. तिथे ओढायचं नसतं, धरून ठेवायचं असतं. बैल मागच्या बाजूला जुंपतात, माणसं दोर ताणून उभी राहतात, आणि चाकांखाली लाकडी पाचरी घालत, काढत, इंचाइंचाने गाडा सोडतात. पाचर घालणाऱ्याला चाकाच्या अगदी तोंडाशी वाकावं लागतं. फ्रान्सिस्कु मार्केश इथेच, या दरीत, क्षणभर चुकतो आणि चाकाखाली जातो. आदल्या रात्री तो बायकोला आणि मुलांना भेटून आलेला असतो, तो शेलेइरुशचाच. पुलाजवळ गाडी उभी करायला जागा आहे. तिथून वर पाहिलं की उताराचा कोन दिसतो आणि वाचताना अतिशयोक्त वाटलेलं सगळं प्रकरण नेमकं वाटू लागतं.

त्याच सुमाराला निवेदक गोष्ट थांबवतो. सगळ्यांची चरित्रं सांगणं शक्य नाही, निदान नावं तरी लिहून ठेवू, असं म्हणत वर्णमालेच्या प्रत्येक अक्षराला एक याप्रमाणे मजुरांची नावं देतो, आल्सिनुपासून झाकारियशपर्यंत. राजवाड्यात शिरण्याआधी ती यादी एकदा वाचावी. आतल्या प्रत्येक फलकावर राजाचं आणि वास्तुशिल्पी लुदोव्हिस याचं नाव येतं, त्या नावांना उत्तर म्हणून ही यादी लिहिलेली आहे.

राजवाडा पाहायला तीन तास हवेत. ग्रंथालय शेवटी येतं, पाय दमलेले असतात आणि लोक दारातूनच फोटो काढून परततात. तसं करू नये. पंच्याऐंशी मीटरच्या आसपास लांबीचं दालन, छत्तीस हजारांच्या घरात ग्रंथ, आणि रात्री बाहेर पडून पुस्तकं खाणारे किडे टिपणारी वटवाघळं. बाजिलिकेत, म्हणजे राजवाड्यातल्या मोठ्या चर्चमध्ये, एकत्र वाजवण्यासाठी बनवलेले सहा ऑर्गन आहेत. ती शिळा पाहायची तर दर्शनी भागाच्या मधल्या सज्जाकडे जावं, जिथून राजा खालच्या जमावाला दर्शन देई. पायाखाली काय आहे ते सांगणारी ठळक पाटी नाही. कादंबरीतल्या निवेदकाचाही नेमका हाच आक्षेप आहे, की एवढ्या जिवांवर आणलेल्या दगडावरून लोक सहज चालत जातात.

पाचवा दिवस, रविवार: लिस्बन, पायी

तळाला चांगली पकड असलेले बूट घालावेत. लिस्बनचे फुटपाथ गुळगुळीत चुनखडीचे आहेत आणि पावसात त्यांवर घसरायला होतं. ‘रिकार्दो रेइस’ (१९८४) सुरू होते तीही पावसातच. १९३५ च्या डिसेंबरअखेर ब्राझीलहून ‘हायलँड ब्रिगेड’ बोट लागते आणि डॉक्टर रिकार्दो रेइस उतरतो. कवी फर्नांदो पेसोआने स्वतःच्या अनेक नावांपैकी एक म्हणून कल्पिलेला हा माणूस, आणि पेसोआ महिन्यापूर्वीच वारलेला. पुढचे नऊ महिने मृत कवी आणि त्याने निर्माण केलेला जिवंत माणूस गप्पा मारतात. बाहेर हुकूमशहा सालाझारचा पोर्तुगाल, शेजारी स्पेनमध्ये पेटणारं यादवी युद्ध.

काइश दु सोद्रेहून रुआ दु आलेक्रिंची चढण धरावी. सुरुवातीलाच, नदीकडच्या टोकाला, रेइस उतरतो त्या ब्रागान्सा हॉटेलची इमारत आहे. वर कादंबरीकार एसा दे कैरोशचा पुतळा, त्यापुढे कवी कामोंइशचा चौक. रेइस या चौकातून इतक्यांदा जातो की शहरातला प्रत्येक रस्ता कामोंइशपाशी पोचतो असं त्याला वाटू लागतं. गोव्यात राहून गेलेल्या या कवीने पोर्तुगालला ‘जिथे जमीन संपते आणि समुद्र सुरू होतो’ असा देश म्हटलं. सारामागोंनी कादंबरीचं पहिलंच वाक्य उलटं लिहिलं: इथे समुद्र संपतो आणि जमीन सुरू होते. तिथून डावीकडे सांता कातारिनाच्या सज्जावर कामोंइशच्या महाकाव्यातला राक्षस आदामास्तोर याचा दगडी पुतळा. त्याच्यासमोरच्या घरात रेइस पुढे भाड्याने राहतो, आणि बाकावर दोन म्हातारे त्याच्यावर नजर ठेवून असतात.

२८ नंबरची ट्राम प्राझेरेश कब्रस्तानापर्यंत जाते. मधल्या थांब्यांवर चढायला जागा नसते आणि खिसेकापूंचा सुळसुळाट असतो. जाताना पायी गेलं आणि येताना शेवटच्या थांब्यावरून बसलं की खिडकी मिळते. कादंबरीत पेसोआची कबर इथे आहे. १९८५ मध्ये, म्हणजे पुस्तक आल्यावर वर्षभराने, त्याचे अवशेष जेरोनिमुश मठात हलवले.

संध्याकाळी रोसियु चौक. राष्ट्रीय नाट्यगृह उभं आहे तिथे इन्क्विझिशनचा वाडा होता. बाल्तासार आणि ब्लिमुंडा पहिल्यांदा भेटतात ते १७११ च्या जुलैत इथल्या शिक्षेच्या सोहळ्यात, तिच्या आईला आफ्रिकेत हद्दपार करत असताना. शेवटही १७३९ च्या अशाच सोहळ्यात होतो, ज्यात नाटककार आंतोनियु जुझे द सिल्व्हा जाळला गेला. गोव्यातलं इन्क्विझिशन तर १८१२ पर्यंत चाललं. पाय शिल्लक असतील तर किल्ल्याच्या उतारावरची रुआ दु मिलाग्र दे सांतु आंतोनियु गाठावी. ‘द हिस्टरी ऑफ द सीज ऑफ लिस्बन’मधला मुद्रितशोधक इथे राहतो, जो ११४७ च्या वेढ्याच्या इतिहासात एक ‘नाही’ घुसवून सगळं उलटंपालटं करतो.

सहावा दिवस, सोमवार: लान्सारोतेला

थेट विमान रोज नसतं, माद्रिदमार्गे जावं लागतं. घड्याळ सांभाळावं: माद्रिद लिस्बनच्या एक तास पुढे, पण कॅनरी बेटं पुन्हा लिस्बनच्याच वेळेवर. या एका तासाने पुढची विमानं चुकतात. मुक्काम तियास गावात करावा. खाली समुद्रकिनारी पुएर्तो देल कार्मेनमध्ये हॉटेलं पुष्कळ आहेत, पण तिथून तियासला यायला सरळ चढ आहे.

१९९१ मध्ये ‘द गॉस्पेल अकॉर्डिंग टू जीझस क्राइस्ट’ आली. पुढच्या वर्षी संस्कृती खात्याचे उपमंत्री सोझा लारा यांनी युरोपीय साहित्य पुरस्काराच्या पोर्तुगीज यादीतून ती काढून टाकली, देशाच्या धार्मिक वारशाला धक्का पोचतो म्हणून. लोकशाहीतल्या सरकारने हे केलं, याचा सारामागोंना संताप आला. १९९३ च्या सुरुवातीला ते आणि त्यांची पत्नी, स्पॅनिश पत्रकार आणि अनुवादक पिलार देल रिओ, इथे राहायला आले.

दिवसाउजेडी पोचलं तर बेट पाहून घ्यावं. १ सप्टेंबर १७३० रोजी तिमानफायाची जमीन फुटली आणि सहा वर्षं लाव्हा वाहत होता. माफ्र्यात राजाचा वाढदिवस साजरा झाला तेव्हा इथली गावं गाडली जात होती. ला खेरियाच्या मळ्यांत काळ्या राखेत खोल खळगे करून प्रत्येकात एकेक द्राक्षवेल लावलेला दिसतो, वाऱ्याच्या बाजूला अर्धगोल दगडी बांध. राख रात्रीचं दव धरून ठेवते, त्या ओलीवर वेल जगतो.

सातवा दिवस, मंगळवार: तियास

सारामागोंचं घर सकाळी उघडतं आणि दुपारनंतर बंद होतं, त्यामुळे दहाच्या सुमारास हजर असावं. मार्च २०११ पासून ते लोकांसाठी खुलं आहे. खोल्या राहत्या घरासारख्याच ठेवल्या आहेत. घड्याळं चार वाजता थांबवलेली दिसतील: सारामागो आणि पिलार १९८६ मध्ये पहिल्यांदा भेटले ती ही वेळ. स्वयंपाकघरात पाहुण्याला पोर्तुगीज कॉफी देतात, ती नाकारू नये. ‘ब्लाइंडनेस’ (१९९५) या घरात पूर्ण झाली. कल्पना मात्र लिस्बनमधल्या एका खानावळीत जेवणाची वाट पाहत असताना सुचलेली. रोज दोन पानं, त्याहून जास्त नाही, हा शिरस्ता. ग्रंथालयाची इमारत वेगळी आहे, रस्ता ओलांडून. १९९५ मध्ये कामोंइश पुरस्कार जाहीर झाला त्या दिवशी दारात आलेल्या कुत्र्याचं नाव कामोंइश ठेवलं गेलं. ‘द केव्ह’मधल्या कुत्र्याला त्याचं बरंच काही लाभलं आहे.

तुरीनमधल्या एका व्याख्यानात सारामागोंनी स्वतःच्या लेखनाचे दोन भाग पाडले होते. ‘गॉस्पेल’पर्यंत आपण पुतळ्याचं वर्णन करत होतो, म्हणजे दगडाच्या पृष्ठभागाचं. ‘ब्लाइंडनेस’पासून दगडाच्या आत शिरलो. इथे लिहिलेल्या बऱ्याच पुस्तकांत शहरांना नावं नाहीत, अनेकदा माणसांनाही नाहीत. बागेत उभं राहिल्यावर याचं एक कारण दिसतं. समोर काळा दगड, त्यापलीकडे समुद्र आणि मध्ये नाव घेण्यासारखं फार थोडं. अपवाद ‘द एलिफंट्स जर्नी’ (२००८). भारतातून पोर्तुगालला गेलेला सालोमांव हत्ती आणि त्याचा माहूत सुभ्रो १५५१ मध्ये लिस्बनहून व्हिएन्नाला चालत निघतात, त्याची ही गोष्ट. गंभीर आजारपणातून उठून ८५ व्या वर्षी त्यांनी ती पूर्ण केली, आणि त्यांच्या सगळ्या पुस्तकांत हसू जास्त आहे ते तिच्यात. सारामागो कधीच वाचले नसतील त्याने हिच्यापासूनच सुरुवात करावी. १८ जून २०१० रोजी याच घरात ते गेले.

दुपारी मोन्तान्या ब्लांका. गावामागची ही टेकडी सारामागो १९९३ मध्ये, सत्तरीत, चढून गेले होते. पायवाट आखलेली नाही, सुटे खडे घसरतात आणि वर वारा असा असतो की टोपी राहत नाही. चढण अवघड नाही, उतरणं अवघड आहे: पाय आडवे टाकत, खड्यांवर भार न देता यावं लागतं. लिटर-दीड लिटर पाणी प्रत्येकी, वाटेत सावली नाही. चारच्या आत वरून निघालं तर आरेसिफेकडे जाणारी संध्याकाळची बस आरामात मिळते.